मीना शाळेत गेली, आपली लेक?

१९५६. धम्मक्रांतीचे वर्ष. त्याच वर्षी राम मोहन मुंबईत फिल्म्स डिव्हिजनच्या कार्टून विभागात दाखल झाले. डिस्नेचे क्लेअर वीक्स यांच्या हाताखाली चित्र चालते-बोलते करायला शिकले. विभागाचा 'द बनियन डिअर' (१९५७) जातककथेवरचा. गाभण हरिणीऐवजी स्वतः मरणाला सामोरा जाणारा मृगराज त्याचा नायक.

राम मोहन यांच्या १९९२ च्या रामायणपटाचा गवगवा झाला. आम्हाला मोलाची वाटते ती त्यांनी युनिसेफसाठी घडवलेली मीना. भाऊ राजू शाळेत, मीना घरकामाला. ती मिठू पोपटाला शाळेत धाडते, त्याच्याकडून अंक शिकते, कोंबड्या मोजते आणि चोरी उघडकीस आणते. मग बापालाही पटते, पोरीला शाळा हवी. सावित्रीमाई दुसरे काय सांगत होत्या?

२०१४ मध्ये पद्मश्री मिळालेले राम मोहन २०१९ मध्ये गेले. मीनाचा सवाल उरलाच आहे. वरळी कोळीवाड्यात आई पहाटे मासळीला निघाली की धाकटी भावंडे कोण सांभाळते? वरळीच्याच चाळींत आई धुण्याभांड्याला गेली की शाळा कोणाची बुडते? भावाची की बहिणीची?

बुद्धविहारात, समाजमंदिरात मुलांना मीना जरूर दाखवा. पण पडदा गुंडाळण्याआधी समोरच्या प्रत्येक मुलीला विचारा, बाळ, आज शाळेत गेली होतीस का?