गुन्ह्यांच्या माहितीपटांतलं जुनं चित्रण: गैरसमज आणि वस्तुस्थिती

गैरसमज : दृश्य जुनं आहे, म्हणजे ते त्याच घटनेचं आहे.

११ जानेवारी १९८२ रोजी गुंड मन्या सुर्वे वडाळ्यात पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडला. तेव्हा मुंबईत टीव्ही म्हणजे एकटं दूरदर्शन; चकमकीच्या जागी धावत जाईल अशी वृत्तवाहिनीच नव्हती. मग त्या काळावर माहितीपट करणाऱ्याच्या हाती उरतात वर्तमानपत्रांची कात्रणं, काही फोटो आणि परळ-लालबागच्या गिरण्यांच्या चिमण्या. आठवड्याभरातच, १८ जानेवारीला, गिरणी संप सुरू झाला. त्याच्या मोर्चांची दृश्यं सर्रास वापरली जातात. पडद्यावर चालत असतात कामगार, निवेदन मात्र टोळ्यांचं! गिरणगावावरचा हा अन्याय फारसा कुणाला खटकत नाही.

गैरसमज : कॅमेऱ्यासमोर कबुली दिली, म्हणजे गुन्हा सिद्ध.

२६ नोव्हेंबर २००८च्या रात्री, मुंबईवरच्या दहशतवादी हल्ल्यात, गिरगाव चौपाटीवर पोलीस तुकाराम ओंबळे यांनी जिवाच्या मोलाने हल्लेखोर कसाबला धरून ठेवलं. रुग्णालयातल्या खाटेवर पोलिसांनी केलेली त्याची चौकशी डॅन रीड यांच्या २००९च्या ‘टेरर इन मुंबई’मध्ये दिसते. अंगावर काटा येतो. पण पोलिसांपुढची कबुली आपल्या कायद्यात सर्वसाधारणपणे पुरावा ठरत नाही. खटल्यात उपयोगी पडले ते प्रत्यक्षदर्शी, सीएसटी स्थानकावर छायाचित्रकारांनी टिपलेले फोटो आणि दंडाधिकाऱ्यांपुढचा कबुलीजबाब.

हल्ल्याच्या त्या तीन दिवसांचं थेट प्रक्षेपणही आज माहितीपटांचा कच्चा माल झालं आहे. तेच टीव्हीवर पाहून पाकिस्तानातले सूत्रधार हल्लेखोरांना फोनवर सूचना देत होते. २९ ऑगस्ट २०१२च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्याबद्दल वाहिन्यांना खडसावलं.

गैरसमज : खटला चालू असताना माहितीपट दाखवताच येत नाही.

मुलीच्या खुनाचा आरोप असलेल्या इंद्राणी मुखर्जी यांच्या प्रकरणावरची माहितीपट-मालिका रोखण्यासाठी सीबीआय मुंबई उच्च न्यायालयात गेली. न्यायमूर्तींनी मालिका आधी स्वतः पाहिली, आक्षेपार्ह काही सापडलं नाही, आणि फेब्रुवारी २०२४च्या अखेरीस याचिका फेटाळली.

गैरसमज : काही सेकंदांची क्लिप फुकट वापरता येते.

कायद्यात सेकंदांची अशी कुठलीच सूट नाही. समीक्षा किंवा चालू घडामोडींचं वार्तांकन अशा ठरावीक कारणांसाठी सवलत आहे, तीही रास्त प्रमाणात. एरवी चित्रणावरचा हक्क प्रसिद्धीनंतर साठ वर्षं टिकतो. म्हणजे मार्च १९९३च्या मुंबईतल्या स्फोटांनंतर त्याच वर्षी प्रसिद्ध झालेलं चित्रण २०५३ संपेपर्यंत मालकाच्या परवानगीशिवाय घेता येणार नाही.

असा माहितीपट पाहताना दृश्यावर तारीख, ठिकाण आणि स्रोत दिला आहे का, तेवढं बघा. नसेल, तर ते दृश्य नुसतं वातावरणासाठी आहे असं धरून चला.