वारा पडला की उपास
दिव्याखालची बेटं : लेखांक ६

सॅन फ्रान्सिस्कोच्या किनाऱ्यावरून पश्चिमेकडे पाहिलं, तर एखाद्या स्वच्छ दिवशी क्षितिजावर चार-दोन दातेरी सुळके दिसतात. एरवी फक्त धुकं दिसतं. ही फॅरलॉन बेटं. समुद्रातून सरळ वर आलेल्या कातळाला स्पॅनिश खलाशी फॅरलॉन म्हणत, तेच नाव पडलं. इंग्रजी बोलणाऱ्या दर्यावर्दींनी त्यांना ‘सैतानाचे दात’ म्हटलं. गोल्डन गेटच्या मुखापासून अंतर जेमतेम ४३ किलोमीटर. कागदोपत्री ही बेटं सॅन फ्रान्सिस्को शहराचाच भाग आहेत. मात्र या ‘उपनगरात’ पाऊल ठेवायला साधा धक्काही नाही. माणसं असोत वा सामान, सगळं क्रेनने लाटांवरून उचलून कातळावर ठेवावं लागतं.

यांतल्या सर्वांत मोठ्या, आग्नेय बेटावरच्या सुमारे ३५० फूट उंच टेकडीवर दीपगृह आहे. त्याची सुरुवातच फसगतीने झाली. टेकडीवर दगड चढवून मनोरा बांधून झाला, मग फ्रान्सहून फ्रेनेल भिंग आलं आणि लक्षात आलं की भिंग मोठं आहे आणि मनोरा अरुंद. झालेलं बांधकाम पाडलं आणि दुसरा मनोरा उभारला. तो उभा राहिला १८५५ साली.

तरीही प्रश्न उरलाच. धुक्यात दिवा दिसणार कसा?

हे धुकं इथल्या हवामानाचं मुख्य पात्र आहे. उन्हाळ्यात कॅलिफोर्नियाचा अंतर्भाग भट्टीसारखा तापतो आणि समुद्रावरची दमट हवा आत खेचली जाते. वाटेत ती किनाऱ्यालगतच्या गार पाण्यावरून येते आणि तिथेच गोठल्यासारखी दाट होऊन बसते. म्हणजे आत जितकं कडक ऊन, तितकं बाहेर धुकं. बेटावर पारा वर्षभर फारसा हलत नाही. पाऊस पडतो तो मुख्यतः हिवाळ्यात. मे-जूनच्या उन्हाची ज्यांना सवय, त्यांना ऐन जुलैत स्वेटर घालायला लावणारं हे ठिकाण चमत्कारिकच वाटेल.

तर धुक्यावर उपाय म्हणून १८५०च्या दशकाच्या अखेरीस हार्टमन बाख या लष्करी अभियंत्याने एक नामी युक्ती काढली. बेटाच्या कडेला कातळात एक विवर आहे. खालून लाट घुसली की वरच्या भोकातून हवा सुसाट बाहेर पडते. बाखने त्या भोकावर विटांचं धुराडं बांधलं आणि त्याच्या तोंडाशी आगगाडीची शिटी बसवली. लाट आली की शिटी वाजे. कोळसा नको, पगार नको. ती मैलोन्‌मैल ऐकू जाई. पण दाट धुकं बरेचदा समुद्र शांत असताना पडतं, आणि समुद्र शांत असला की शिटीचं तोंड बंद. जिची गरज धुक्यात, ती नेमकी धुक्यातच मुकी. शेवटी एका वादळाने ते धुराडं मोडून टाकलं आणि पुढे वाफेचा भोंगा आला.

शांत समुद्राने या बेटावर दगा दिल्याचं हे एकच उदाहरण नाही.

मार्च-एप्रिलपासून इथे वायव्येचा वारा सुटतो आणि आठवडेच्या आठवडे घोंघावत राहतो. माणसाला तो नकोसा. होडी लागत नाही, उभं राहणं अवघड, कानात सतत तोच आवाज. पण हा वारा किनाऱ्याला समांतर वाहत पृष्ठभागाचं पाणी ढकलतो, आणि पृथ्वीच्या फिरण्यामुळे उत्तर गोलार्धात ते पाणी उजवीकडे, म्हणजे किनाऱ्यापासून दूर, सरकतं. रिकामी जागा भरायला खालचं गार पाणी वर येतं. त्या पाण्यात तळाकडे साठलेलं खत असतं. त्यावर सूर्यप्रकाश पडला की सूक्ष्म वनस्पती फोफावतात, त्या खायला क्रिल येतात. क्रिल म्हणजे आपल्या जवळ्यासारखे इवलेसे कवचधारी जीव. क्रिलपाठोपाठ मासे येतात, पक्षी येतात, सील आणि देवमासेही येतात. नैर्ऋत्य मोसमी वाऱ्याच्या दिवसांत केरळच्या किनाऱ्यालाही असंच पाणी वर येतं, आणि तिथल्या तारलीच्या हंगामाचा त्याच्याशी जवळचा संबंध आहे.

फॅरलॉनवर मात्र हा हिशोब उघड्यावर मांडलेला दिसतो, कारण इथे तो मोजणारी माणसं आहेत. १९६८पासून पॉइंट रेस पक्षी वेधशाळेचे (आता ही संस्था ‘पॉइंट ब्लू’ या नावाने ओळखली जाते) अभ्यासक बेटावर राहतात. दिवा १९७२मध्ये स्वयंचलित झाला आणि दीपगृहाची माणसं निघून गेली, पण त्यांच्या जुन्या घरांतला वावर थांबला नाही. उन्हाळ्यात घराबाहेर पडताना डोक्यावर कडक टोपी घालतात, कारण ‘वेस्टर्न गल’ या कुरव पक्ष्यांची जगातली सर्वांत मोठी वसाहत इथेच आहे, आणि पिल्लं अंगणात असली की आईबाप थेट टाळूवर चोच मारतात.

या अभ्यासकांचा लाडका पक्षी कॅसिन्स ऑकलेट. ओंजळीत मावेल एवढा, राखी रंगाचा. कुरवांच्या भीतीने तो रात्रीच घरट्याकडे येतो आणि गळ्याच्या पिशवीत भरून आणलेले क्रिल पिल्लाला भरवतो. त्यांच्यासाठी लाकडी खोकी जमिनीत पुरून ठेवली आहेत; झाकण उघडलं की कुणाचं अंडं, कुणाचं पिल्लू, किती वजन, याची नोंद होते. २००५च्या वसंतात वारा नेहमीच्या वेळी सुटलाच नाही. समुद्र तापलेला, आकाश छान, सुट्टीला जावं असं हवामान. ऑकलेटांनी अंडी घातली आणि मग एकेकाने घरटी सोडून दिली. त्या वर्षी जवळजवळ एकही पिल्लू उडालं नाही. पुढच्या वर्षीही तेच. कोकणात ज्याला मत्स्यदुष्काळ म्हणतात, तो इथे खोकं उघडल्यावर दिसला.

याआधी १९८२-८३च्या एल निनोत असंच झालं होतं, आणि नंतर २०१४-१५च्या हिवाळ्यात, प्रशांत महासागर विलक्षण तापला असताना, ऑकलेटांचे मृतदेह पश्चिम किनाऱ्यावर मोठ्या संख्येने वाहून आले. वारा कमी-जास्त होणं पूर्वापार चालत आलंय. पण वाऱ्याचं वेळापत्रक किती बिघडतंय, याचं इतकं सलग दप्तर दुसरीकडे फार थोड्या ठिकाणी सापडेल.

निसर्गाच्या उपासातून मात्र पक्षी सावरतात. माणसाच्या भुकेतून सावरायला इथे शतक लागलं.

१८४९मध्ये सोन्याच्या मागे लागून हजारो माणसं सॅन फ्रान्सिस्कोत उतरली. सोनं होतं, कोंबड्या नव्हत्या. अंड्याला वाटेल तो भाव. रॉबिन्सन नावाचा एक गृहस्थ मेहुण्याला घेऊन होडीने फॅरलॉनला गेला आणि मर्र पक्ष्यांची अंडी भरून परतला. वाटेत वादळात निम्मी फुटली, तरी उरलेल्यांचे ३००० डॉलर आले. मर्र म्हणजे पेंग्विनसारखा उभा राहणारा, पण उडणारा काळा-पांढरा समुद्रपक्षी. घरटं बांधत नाही. उघड्या कड्यावर एकच अंडं घालतो. अंडं कोंबडीच्या अंड्याच्या दुप्पट, एका टोकाला निमुळतं, निळसर-हिरव्या रंगावर काळ्या रेघोट्या. तळलं तरी पांढरा भाग नीट पांढरा होत नाही आणि बलक लालभडक. सोन्याच्या शहराने ते आवडीने खाल्लं.

गोळा करणारे पिठाच्या पोत्यांचे सदरे शिवून घेत आणि अंडी त्यातच भरत. हंगामाच्या पहिल्या दिवशी ते कड्यावर दिसेल ते अंडं फोडून टाकत, म्हणजे दुसऱ्या दिवसापासून मिळेल ते ताजंच. १८५४मध्ये दोनेक महिन्यांत पाच लाखांहून जास्त अंडी शहरात विकली गेली. कंपनी निघाली, मक्तेदारी आली, आणि जून १८६३मध्ये प्रतिस्पर्धी टोळी बेटावर उतरू लागली तेव्हा गोळीबार झाला. दोन्हीकडचा एकेक माणूस गेला. अंड्यांवरून! अखेर १८८१मध्ये सरकारने सैनिक पाठवून कंपनीला बेटावरून हाकललं. तोवर काही लाखांची मर्र वसाहत आटत चालली होती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला ती काही हजारांवर आली. आपल्याकडेही वेंगुर्ल्याच्या समुद्रातल्या खडकांवर दीपगृह आहे आणि गुहांमधून पाकोळ्यांची घरटी चोरीला गेलेली आहेत, त्यामुळे ही गोष्ट फार परकी वाटू नये.

आज मर्र पुन्हा दोन लाखांच्या पुढे गेले आहेत. जूनच्या शेवटी तीन आठवड्यांची, अजून उडताही न येणारी पिल्लं संध्याकाळी कड्यावरून खाली उड्या घेतात आणि पाण्यात वाट पाहणारे बाप त्यांना घेऊन खोल समुद्रात निघून जातात. फर सीलांची कथाही अशीच. १८१०नंतर बॉस्टनच्या आणि रशियन शिकाऱ्यांनी कातड्यांसाठी ते संपवले. १९९६मध्ये दीडशेहून जास्त वर्षांनी पहिलं पिल्लू इथे जन्मलं. एलिफंट सील परतले तसे शरद ऋतूत त्यांच्या मागावर येणारे ग्रेट व्हाइट शार्कही ठळकपणे दिसू लागले. ऑक्टोबर १९९७मध्ये बेटाजवळ एका ओर्काने पर्यटकांच्या होडीसमोर असा एक शार्क मारला आणि त्याचं यकृत खाल्लं. बाकीचे शार्क त्या हंगामापुरते तिथून पसार झाले.

सगळ्यात अवघड पाहुणा मात्र बोटभर आहे. एकोणिसाव्या शतकात जहाजांतून घरातले उंदीर इथे उतरले. दीपगृहाच्या काळात आलेले ससे आणि मांजरं सत्तरच्या दशकापर्यंत हटवली गेली, उंदीर राहिले. शरदात त्यांची संख्या एकरी ५०० च्या आसपास जाते; कोणत्याही बेटावर नोंदलेली ही सर्वाधिक दाटी मानली जाते. आता साखळी बघा. स्थलांतर करणारी बिळातली घुबडं, म्हणजे आपल्या पिंगळ्याची भावकी, वाटेत इथे टेकतात. उंदरांची रेलचेल पाहून पुढे जाण्याचा बेत सोडून देतात. हिवाळ्यातल्या पावसात उंदीर भराभर मरतात. घुबडं उपाशी. नेमकं त्याच सुमारास राखी स्टॉर्म पेट्रेल रात्री कपारींकडे परतू लागतात. या पक्ष्यांच्या जगातल्या एकूण संख्येपैकी निम्म्याच्या आसपास इथेच वीण करतात, आणि प्रत्येक जोडी वर्षाला एकच अंडं घालते. घुबडं हे पेट्रेलच खायला लागतात.

उंदीर संपवायचे तर हेलिकॉप्टरमधून विषारी दाणे टाकावे लागतील असं वन्यजीव खात्याचं म्हणणं. ते दाणे खाल्लेले उंदीर कुरव खातील, काही कुरव मरतील, म्हणून मोठा विरोध झाला. वर्षानुवर्षं वाद चालल्यावर डिसेंबर २०२१मध्ये कॅलिफोर्नियाच्या किनारा आयोगाने योजनेला होकार दिला. कुरवांना दाणे टाकण्याच्या आठवड्यांत बेटापासून कसं हुसकावून ठेवायचं, याच्या चाचण्याही झाल्या आहेत: लेसरचे झोत, आवाज, फटाके.

(पुढील लेखांकात : न्यूझीलंडचं स्टीफन्स बेट. तिथे दीपगृहाबरोबर मांजर आली.)