चौपाखी छपराचा कोनवासा

पावसाळी मुलखांत कौलारू घर बांधावयाचें म्हणजे छप्पर दुपाखी करावें कीं चौपाखी, हा प्रश्न प्रथम उभा राहतो. दुपाखी छपराला दोनच उतार असतात. उरलेल्या दोन बाजूंच्या भिंती थेट आढ्यापर्यंत चढवाव्या लागतात आणि पावसाचा मारा त्यांना सोसावा लागतो. चौपाखी छप्पर चारी बाजूंनीं उतरतें, म्हणून चारी भिंतींना वळचणीचा आडोसा मिळतो. या सोयीची किंमत मात्र सुतारकामांत मोजावी लागते. दुपाखी छपराचे सारे वासे एकाच मापाचे असतात. चौपाखीला तीन जातींचे वासे लागतात, आणि त्यांतील एकाचें माप चुकलें कीं बाकीच्यांचा मेळ बसत नाहीं.

आढ्यापासून भिंतीपर्यंत सरळ उतरतो तो साधा वासा. आढ्याच्या टोंकापासून घराच्या कोपऱ्याकडे तिरपा उतरतो तो कोनवासा. आणि भिंतीवरून निघून, आढ्यापर्यंत न पोंचतां मध्येंच कोनवाशाला टेकतात ते आंखूड वासे.

एक घर ३६ फूट लांब व २४ फूट रुंद आहे, चारी पाख्यांचा उतार सारखा आहे आणि भिंतीच्या माथ्यापासून आढें ९ फूट उंच आहे, असें समजूं. रुंदीचा निम्मा भाग १२ फूट. प्रत्येक टोंकाकडील पाखें तेवढीच जागा घेतें. म्हणून ३६ मधून २४ वजा जातां आढ्याची लांबी १२ फूट राहते. घर चौरस असतें तर आढें उरलेंच नसतें आणि चारी कोनवासे एका बिंदूंत मिळाले असते.

साध्या वाशाचें गणित शाळेंतील मुलासही येईल. आडवें अंतर १२, उंची ९. दोहोंच्या वर्गांची बेरीज २२५ आणि तिचें वर्गमूळ १५. हा वासा १५ फुटांचा. भास्कराचार्यांनीं शके १०७२ म्हणजे इ. स. ११५० मध्यें रचलेल्या ‘लीलावती’ंत भुज ३ व कोटि ४ असतां कर्ण किती, असें उदाहरण घातलें आहे. आपल्या छपराचें प्रमाण तेंच आहे; फक्त प्रत्येक आंकडा तिप्पट आहे.

कोनवाशापाशीं मात्र पुष्कळांची फसगत होते. वरून पाहिलें असतां तो १२ फूट बाजूच्या चौरसाचा कर्ण दिसतो, आणि त्याची लांबी १७ फुटांस किंचित् कमी भरते. तेंच माप धरून लांकूड कापलें तर तें सुमारें सव्वादोन फूट आंखूड पडेल आणि त्या कामीं निरुपयोगी होईल. कारण वरून पाहतांना उंची दिसत नाहीं. याउलट, साध्या वाशाचाच उतार कोनवाशालाही असतो असें मानलें तर तो दोन फूट जास्त लांब होईल. साधा वासा १२ फुटांत ९ फूट चढतो. कोनवाशाला तेवढेंच चढण्यास १७ फूट मिळतात, म्हणून तो अधिक सपाट असतो. खरें माप काढावयाचें तर कर्णाचा नियम दोनदां लावावा लागतो. १२ व १२ यांच्या वर्गांची बेरीज २८८. तींत ९ चा वर्ग ८१ मिळविला म्हणजे ३६९. त्याचें वर्गमूळ १९.२१, म्हणजे १९ फूट २॥ इंच.

निरनिराळ्या देशांतील सुतारांनीं हें गणित आपल्या हत्यारांत उतरविलें आहे. जपानी गुण्याच्या पाठीवर साधीं मापें दोनाच्या वर्गमूळानें वाढवून कोरलेलीं असतात. अमेरिकन सुताराच्या पोलादी गुण्यावर तर कोष्टकच असतें: फुटामागें ९ इंच चढ असेल तर साध्या वाशाला १५ इंच आणि कोनवाशाला १९.२१ इंच.

आंखूड वाशांचा हिशेब त्यामानानें सोपा आहे. वासे दीड दीड फुटावर बसवावयाचे असतील तर १२ फुटांत आठ घरें पडतात. १५ फुटांचे आठ भाग केले म्हणजे प्रत्येक भाग १ फूट १०॥ इंच. कोपऱ्याकडून पहिला आंखूड वासा एवढा, दुसरा ३ फूट ९ इंच, आणि याप्रमाणें सातवा १३ फूट १॥ इंच. प्रत्येक मापाचे आठ वासे लागतात. तिरपा काप उलटसुलट येत असल्यानें त्यांतील चार उजवे व चार डावे कापावे लागतात.

वळचण भिंतीबाहेर २ फूट काढावयाची असेल तर साध्या वाशांत २॥ फूट आणि कोनवाशांत सुमारें ३ फूट २॥ इंच वाढवावे. कोनवासा मग २२ फूट ५ इंच होतो. एवढें सरळ व अखंड लांकूड वखारींत नेहमींच सांपडेल असें नाहीं. म्हणून त्याची मागणी आधीं नोंदवावी. हीं सारीं मापें आढ्याच्या मध्यरेषेपर्यंतचीं आहेत. आढें २ इंच जाड असेल तर साध्या वाशांतून उताराच्या रेषेवर सव्वा इंच कमी करावा. त्याच न्यायानें आंखूड वाशांतूनही कोनवाशाच्या निम्म्या जाडीचें तिरपें माप वजा करावें.

शेवटीं एक सावधगिरी. हें गणित कोपरे काटकोनांत आहेत असें धरून केलेलें असतें. तेव्हां लांकूड कापण्यापूर्वीं भिंतींच्या माथ्यावर दोरी धरून दोन्ही कर्ण मोजावे. या घरांत प्रत्येक कर्ण ४३ फूट ३ इंचांहून किंचित् जास्त भरला पाहिजे. दोन्ही सारखे नसतील तर चारी कोनवासे निरनिराळ्या मापांचे होतील, पाखीं एकमेकांशीं नीट मिळणार नाहींत, आणि कोपऱ्यावरचीं कौलें पहिल्याच पावसांत गळूं लागतील. कागदावरच्या नकाशापेक्षां बांधून झालेली भिंत मोजणें केव्हांही श्रेयस्कर.