जुना खेळ, नवा संगणक : मजुरी कशाची घ्यावी?

संगणक दुरुस्तीच्या दुकानात गिऱ्हाईक कधी कधी एखाद्या जुन्या खेळाची सीडी घेऊन येते. हा खेळ पूर्वी चालायचा, आता नव्या मशीनवर चालत नाही, अशी तक्रार असते. 'जुना झाला, टाकून द्या' असे सांगून अनेक कारागीर मोकळे होतात. आमच्या मते हा हातचा रोजगार घालवणे आहे. माल खराब झालेला नसतो, त्याच्या खालची जमीन बदललेली असते.

'सेन्सिबल वर्ल्ड ऑफ सॉकर' या फुटबॉल खेळाचेच पाहा. इंग्लंडच्या सेन्सिबल सॉफ्टवेअर या छोट्या कंपनीने तो 1994 मध्ये अमिगा संगणकासाठी काढला, पुढे डॉसवरही आणला. खेळाडू मुंगीएवढे दिसत. पण जगभरातील सुमारे 1,500 संघ आणि 27,000 खेळाडू त्यात होते. आजचे 64-बिट विंडोज डॉसचे प्रोग्रॅम चालवतच नाही. त्यामुळे हा खेळ थेट उघडत नाही.

यावर उपाय म्हणजे 2002 पासून मोफत मिळणारा 'डॉसबॉक्स' हा प्रोग्रॅम. तो नव्या मशीनच्या आत जुन्या मशीनचे सोंग उभे करतो. जुना प्रोसेसर, जुने साउंड कार्ड, सारे त्यात आहे. खेळाचा फोल्डर 'माउंट' या आज्ञेने सी ड्राइव्ह म्हणून जोडायचा आणि खेळाची फाईल चालवायची. खेळ रेंगाळला तर कंट्रोल व एफ-12 ही बटणे एकत्र दाबून वेग वाढवावा, फार पळू लागला तर एफ-11 ने कमी करावा. मूळ खेळाला हात लावावा लागत नाही.

चाहते याच्या पुढे गेले आहेत. संघांच्या फाईली बदलून त्यांनी नव्या हंगामांचे खेळाडू भरले. अशा फेरबदलाला 'मॉड' म्हणतात.

प्रत्येक सीडी मात्र अशी वाचत नाही. अनेक जुन्या खेळांवर 'सेफडिस्क' नावाचे कुलूप होते. सुरक्षेच्या कारणावरून 2015 मध्ये आलेल्या विंडोज 10 ने ते चालवणे बंद केले. अशा वेळी इंटरनेटवरील अनोळखी 'तोडलेली' फाईल बसवू नये, तिच्यासोबत व्हायरस येऊ शकतो. काम होणार नसेल तर गिऱ्हाइकाला आधीच सांगावे.

आता धंद्याचा मुद्दा. जुना खेळ म्हणजे बेवारस माल, हा समज चुकीचा आहे. सेन्सिबल सॉफ्टवेअर 1999 मध्ये कोडमास्टर्सने घेतली आणि कोडमास्टर्स 2021 मध्ये इलेक्ट्रॉनिक आर्ट्सने. कंपनी मिटली तरी मालकी मिटत नाही. आपल्याकडे 1957 चा कॉपीराइट कायदा संगणक प्रोग्रॅमलाही लागू आहे. प्रती काढून विकणाऱ्याला तुरुंग आणि दंड दोन्ही होऊ शकतात.

सरळ मार्गानेही यात कमाई आहे. पोलंडच्या सीडी प्रोजेक्ट कंपनीने 2008 मध्ये 'गॉग' हे दुकान इंटरनेटवर उघडले. हक्कदारांशी करार करून, जुने खेळ नव्या विंडोजवर चालतील असे तयार करून त्यांनी विकले. त्यातील डॉसच्या अनेक खेळांना हाच डॉसबॉक्स जोडलेला आहे.

लहान दुकानदाराला असे करार जमणार नाहीत, पण हिशोब तोच ठेवता येतो. सीडी गिऱ्हाइकाची, कसब आपले. बिलावर 'मजुरी' लिहावी आणि तेवढीच घ्यावी.