भिंगाचे झाकण आणि कोल्हापूरची हवा

छायाचित्रणाच्या साऱ्या सरंजामात जिची चौकशी कोणी करीत नाही, हरवल्यावाचून जिची आठवण होत नाही आणि हरवल्यावर जी कुठल्याशा दुकानातून मापाचा फारसा विचार न करता उचलून आणली जाते, अशी वस्तू म्हणजे भिंगावरचे झाकण, अर्थात लेन्सची कॅप. वास्तविक एके काळी या झाकणाचा दर्जा याहून पुष्कळ वरचा होता. १८५१ साली फ्रेडरिक स्कॉट आर्चर याने कलोडियनच्या ओल्या काचेची पद्धत प्रसिद्ध केली आणि त्यानंतर तीनच वर्षांनी मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी स्थापन झाली, त्या काळात काचेवर प्रकाश किती वेळ पडू द्यावा याचा निकाल देणारी यांत्रिक योजना बहुतेक कॅमेऱ्यांत नव्हतीच. ते काम झाकणाकडे असे. छायाचित्रकाराने भिंगावरचे पितळी झाकण काढावे, मनातल्या मनात सेकंद मोजावेत आणि पुरेसे झाले असे वाटताच ते परत बसवावे, हेच त्या काळचे शटर. पुढे कोरड्या काचा आल्या, त्यांवरचा रासायनिक लेप इतका तेज झाला की माणसाच्या हाताचा वेग त्यापुढे अपुरा पडू लागला. मग सेकंदाचे सूक्ष्म अंश मोजणारे पडदे निघाले, आणि झाकणाची अंमलदारी जाऊन त्याच्याकडे केवळ पहाऱ्याची नोकरी उरली.

ही नोकरी क्षुल्लक नाही, हे निदान कोल्हापूरकरांना तरी सांगावे लागू नये. आनंदराव आणि बाबूराव या पेंटर बंधूंनी चलच्चित्राचा कॅमेरा स्वतःच घडविण्याचा ध्यास घेतला तो याच शहरात. आनंदराव १९१६ साली निवर्तले. परंतु बाबूरावांनी ते काम सोडले नाही, १९१७ च्या १ डिसेंबरला महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली, विष्णुपंत दामल्यांसारख्या कसबी सहकाऱ्याच्या साहाय्याने १९१८ साली तो कॅमेरा तडीस नेला आणि १९२० साली ‘सैरंध्री’ लोकांपुढे आणला. खरी कॉर्नरचा कॅमेरा स्तंभ हा त्याच पराक्रमाचा दाखला होय. आता अशा यंत्राची दातेरी चाके येथल्या लेथवर कातता येत होती, मोडली तर पुन्हा करता येत होती. पण भिंगाला लागणारी ऑप्टिकल काच त्या काळी या देशात होत नव्हती. सबंध यंत्रात जो भाग मिस्त्रीच्या हातचा नव्हता तो हाच, आणि म्हणूनच तो जिवापलीकडे जपण्याचा होता. आजच्या कॅमेऱ्यात मिस्त्रीच्या हातचे काहीच उरलेले नाही, एवढाच काय तो फरक.

भिंगाचे शत्रू तीन: धूळ, ऊन आणि ओल. यांपैकी पहिल्या दोघांशी झाकण प्रामाणिकपणे लढते. तिसऱ्याशी मात्र ते आतून संगनमत करते. या तिसऱ्या गोष्टीकडे येथे कोणाचेच लक्ष नसते, आणि हा लेख मुख्यतः तिच्याचसाठी आहे.

प्रथम धूळ. रस्त्यावरच्या धुळीत गारगोटीचे, म्हणजे क्वार्ट्झचे, सूक्ष्म कण असतात आणि कठिणपणाच्या प्रचलित मोजपट्टीवर त्यांचा क्रमांक सातवा लागतो. काच साडेपाचाच्या आसपास राहते. भिंगाच्या पृष्ठावर तर काचेहूनही नाजूक असा एक लेप असतो. साध्या काचेच्या प्रत्येक पृष्ठावरून सुमारे चार टक्के प्रकाश परत फिरतो आणि आठदहा पृष्ठे ओलांडेपर्यंत चित्रातला कसच निघून जातो. हे टाळण्यासाठी १९३५ साली झाइस कंपनीच्या अलेक्झांडर स्माकुला याने काचेवर अतिशय पातळ पारदर्शक थर चढविण्याची युक्ती काढली. मॅग्नेशियम फ्लोराइडचा असा थर साधारणपणे शंभर नॅनोमीटर, म्हणजे एका मिलिमीटरचा दहा हजारावा भाग, इतकाच जाड असतो. सदऱ्याच्या टोकाने भिंग पुसणारा मनुष्य या थरावर गारगोटी घासत असतो, आणि हे त्याला सांगितले तर तो सदरा स्वच्छ असल्याचा हवाला देतो! सदरा स्वच्छ असेलही. कण भिंगावर आहेत.

कोल्हापूरच्या छायाचित्रकारांची खरी कसोटी चैत्र पौर्णिमेला जोतिबाच्या डोंगरावर लागते. सासनकाठ्या नाचत असतात, ‘चांगभलं’च्या गजरात गुलालाचे लोट उठत असतात, आणि माणसे, दगड, पायऱ्या सारे एका रंगात बुडालेले असते. बाजारी गुलाल म्हणजे बहुधा पिष्टाच्या किंवा शंखजिऱ्याच्या भुकटीला दिलेला रंग. तो कोरडा असतो तोवर फुंकपिचकारीने उडून जातो, परंतु त्यावर घामाचे बोट किंवा ओला रुमाल फिरला की त्यातला रंग विरघळून भिंगाच्या कडेच्या खाचेत शिरतो आणि मग तेथून निघता निघत नाही. म्हणून अशा ठिकाणी दोन छायाचित्रांच्या मधल्या वेळी झाकण बसलेच पाहिजे, आणि काढलेले झाकण खिशात टाकताना त्याची आतली बाजू खिशातल्या गुलालाला लागू नये, हे त्याहूनही अधिक पाहिले पाहिजे. आतून माखलेले झाकण भिंगावर बसविणे म्हणजे बंदोबस्तासाठी चोरालाच घरात घेणे.

उन्हाची गोष्ट निराळी. शाळेच्या पटांगणात बहिर्गोल भिंगाने कागद जाळण्याचा खेळ ज्याने केला आहे त्याला कॅमेऱ्यात काय घडते हे समजावे लागत नाही. पन्नास मिलिमीटर नाभ्यंतराच्या भिंगात सूर्याचे बिंब जेमतेम अर्ध्या मिलिमीटरएवढे पडते. छिद्र पंचवीस मिलिमीटर उघडे असेल तर तेवढ्या वर्तुळावरचे सगळे ऊन त्या टिंबात गोळा होते आणि तेथली तीव्रता, काचेत वाया जाणारा प्रकाश सोडला तर, सुमारे २९०० पट वाढते. १९२५ साली बाजारात आलेल्या लायकाचा पडदा रबर लावलेल्या कापडाचा होता, आणि असा कॅमेरा झाकणाशिवाय उन्हात तोंड वर करून टेबलावर ठेवणाऱ्यांच्या पडद्याला भोके पडत. मधल्या काळात आरसा असलेले कॅमेरे आले आणि आरशाने हा मारा वरच्या वर परतविला; परंतु हल्लीच्या बिनआरशाच्या कॅमेऱ्यांनी तो जुना धोका पुन्हा अंगावर घेतला आहे, कारण त्यांपैकी पुष्कळांत भिंगाच्या मागे थेट संवेदक पट्टीच उघडी असते. नोव्हेंबरात आणि जानेवारीच्या अखेरीस अंबाबाईच्या किरणोत्सवाच्या सुमारास मावळत्या सूर्यावर लांब पल्ल्याची भिंगे रोखणाऱ्या हौशी मंडळींनी हे ध्यानात ठेवावे. आरसा नसलेल्या जुन्या कॅमेऱ्यांचा आणखी एक विनोद असा की, त्यांत दृश्य पाहण्याची खिडकी भिंगाहून वेगळी असल्याने झाकण तसेच राहिले तरी आत सारे लख्ख दिसे. लग्नाचा अख्खा रोल कोरा निघाल्याच्या कथा प्रत्येक जुन्या स्टुडिओत ऐकावयास मिळतात.

आता झाकण निवडावे कसे? गिऱ्हाईक दुकानात जाऊन ‘पन्नास एमएमच्या लेन्सची कॅप द्या’ असे म्हणते, आणि घोटाळ्याला तेथेच प्रारंभ होतो. पन्नास हे नाभ्यंतर झाले; झाकणाचे माप म्हणजे भिंगाच्या तोंडाशी असलेल्या आट्यांचा व्यास, आणि तो एका रेघेने छेदलेल्या वर्तुळाच्या चिन्हापुढे भिंगाच्या कड्यावर छापलेला असतो. कॅननच्या पन्नास मिलिमीटरच्या एका प्रचलित भिंगाला ४९ चे झाकण लागते, निकॉनच्या जुन्या पन्नासला ५२ चे आणि नंतरच्या एकाला ५८ चे. तेव्हा पन्नासचे झाकण मागणाऱ्याला दुकानदाराने काय द्यावे? माप जुळल्यावर चिमटीची जागा पाहावी. कडेला चिमटीत धरावयाची झाकणे ऊनरोधक हूड चढविलेला असताना काढता येत नाहीत, बोटे आत पोहोचत नाहीत. मध्यभागी चिमटा असलेली काढता येतात, म्हणून तीच घ्यावीत. झाकणाचे दात आट्यांत पुरते बसले पाहिजेत: बसविल्यावर भिंग उलटे करून हलकेच झटकावे, हीच दुकानातली परीक्षा. भिंगावर फिल्टर असेल तर त्यासह परीक्षा करावी, कारण अतिपातळ फिल्टरांपैकी काहींना पुढच्या बाजूस आटे नसतात आणि त्यांवर उत्तम झाकणही टिकत नाही. झाकणाला दोरी लावून ते लोंबते ठेवणे मला पसंत नाही. वाऱ्यात ते भिंगाच्या नळीवर आपटत राहते आणि तिकाटण्यावरचा कॅमेरा हलवते.

मागच्या झाकणाकडे तर याहूनही दुर्लक्ष होते, आणि ते अधिक अनिष्ट आहे. पुढच्या काचेवर बारीकसा ओरखडा असला तर प्रकाशाची रुंद शलाका त्याला वळसा घालून जाते आणि चित्रात तो दिसतही नाही. मागच्या काचेशी हीच शलाका अरुंद झालेली असते, त्यामुळे तेथला डाग चित्रावर उमटण्याचा संभव फार. शिवाय मागच्या झाकणात साठलेली धूळ भिंगामार्फत थेट कॅमेऱ्याच्या पोटात जाते. महिन्यातून एकदा सगळी झाकणे साबणाच्या कोमट पाण्यात धुवावीत, स्प्रिंग असलेल्यांचे पाणी नीट झटकावे आणि ती सावलीत पूर्ण वाळवावीत. भिंग चढविलेले असताना त्याचे मागचे झाकण आणि कॅमेऱ्याच्या तोंडाचे झाकण ही दोन्ही रिकामी असतात. बहुतेक कंपन्यांची ती एकमेकांत फिरवून बसतात, आणि अशी जोडी आतून बंद राहिल्याने तीत खिशातली धूळ शिरत नाही.

इतके सगळे केले आणि आषाढात दाजीपूरच्या जंगलातून किंवा गगनबावड्याच्या घाटातून भिजून आलेल्या कॅमेऱ्यावर झाकणे लावून तो कपाटात ठेवला, तर सगळे व्यर्थ. हिशेब सोपा आहे. झाकण आणि काच यांच्यामधली पोकळी तीस घन सेंटीमीटर धरली, तर सत्तावीस अंश सेल्सिअसच्या हवेत तेवढ्या पोकळीत जास्तीत जास्त पाऊण मिलिग्रॅम वाफ मावते. पाण्याचा एक लहानसा थेंब पन्नास मिलिग्रॅमचा असतो. म्हणजे कडेच्या खाचेत राहिलेल्या एका थेंबाने आतली हवा साठपासष्ट वेळा तृप्त करता येईल. झाकण हवाबंद नसले तरी ही ओल बाहेर पडावयास फार वेळ लागतो, आणि तोवर आत अंधार, ऊब आणि आर्द्रता या तिन्ही गोष्टी नांदत असतात. हवेची सापेक्ष आर्द्रता सत्तर टक्क्यांच्या वर दीर्घकाळ राहिली की बुरशीची बीजे रुजू लागतात. श्रावणात सांदीत पडलेल्या कोल्हापुरी चपलेवर जी पांढरी बुरी येते तिच्याच जातकुळीची ही वस्ती. फरक इतकाच की चप्पल पुसून पायात घालता येते. भिंगातली बुरशी धूळ, बोटांचा तेलकटपणा आणि आतल्या वंगणाचा अंश यांवर जगते, कोळिष्टकासारखे तंतू पसरते, आणि तिच्यातून निघणारी सेंद्रिय आम्ले लेपाला आणि पुढे काचेलाही खातात. तंतू साफ करता येतात. खाल्लेली काच पूर्ववत होत नाही. विजेरीचा झोत तिरपा धरून भिंगातून पाहिले असता आरंभीची बुरशी दिसते, आणि पावसाळ्यात दर पंधरवड्याने ही तपासणी व्हावी.

म्हणून पावसातून आल्यावर झाकण लावण्याची घाई करू नये. भिंग बाहेरून टिपावे, पुढचे आणि मागचे अशी दोन्ही झाकणे काढून ते पंख्याच्या हवेत, स्वच्छ कापडावर, रात्रभर उघडे ठेवावे. एका रात्रीत बसणारी धूळ सकाळी फुंकपिचकारीने निघते. त्यानंतर झाकणे लावून हवाबंद डब्यात सिलिका जेलसह ठेवावे, आणि जेलने रंग बदलला की ते ओव्हनमध्ये एकशेवीस अंशांच्या सुमारास तापवून पुन्हा वापरावे. वातानुकूलित मोटारीतून उतरताना याच्या उलट वागावे. बाहेर अठ्ठावीस अंश आणि पंच्याऐंशी टक्के आर्द्रता असेल तर दवबिंदू पंचवीस अंशांवर येतो. मोटारीत बावीस अंशांवर थंड झालेले भिंग बाहेर काढताच त्यावर पाणी धरणारच. तेथे झाकण लावलेले आणि पिशवीची चेन ओढलेली, अशा स्थितीत कॅमेरा अर्धा तास राहू द्यावा, आणि मगच उघडावा.

ज्यांच्या घरी आजोबांचा किंवा वडिलांचा जुना कॅमेरा त्याच्या मूळच्या चामडी पेटीत, मखमलीच्या अस्तराच्या झाकणासह जपून ठेवलेला आहे, त्यांना एक कळकळीची विनंती. चामडे ओल धरते, मखमलही धरते, आणि कपाटाचा सर्वांत आतला कप्पा ही त्या कॅमेऱ्याची सर्वांत सुरक्षित जागा नव्हे. मृग लागण्यापूर्वी तो बाहेर काढा, पेटी आणि कॅमेरा निरनिराळे ठेवा, झाकण काढून भिंगात एकदा विजेरी मारून पाहा. आणि आत तंतू दिसले तर स्वतः खोलण्याच्या फंदात न पडता जाणत्या दुरुस्तीकाराकडे त्याच आठवड्यात न्या.