संशयाची वहिवाट

नळदुर्गला मी बरीच वर्षे शिक्षकी केली. माझा एक विद्यार्थी आता कायद्याचे शिक्षण घेतो. गेल्या उन्हाळ्यात तो घरी आला तो एका निकालपत्राची प्रत घेऊनच. निकाल सर्वोच्च न्यायालयाचा, ५ मार्च २०१९ चा : 'अंकुश मारुती शिंदे विरुद्ध महाराष्ट्र राज्य'. त्याने प्रत माझ्यापुढे ठेवली आणि विचारले, "सर, सहाही जण निर्दोष होते म्हणता, तर मग सोळा वर्षं कुणालाच कसं दिसलं नाही?"

प्रश्न साधा होता, पण मला लगेच उत्तर देता आले नाही. हा लेख म्हणजे त्याला उशिरा दिलेले उत्तर आहे.

आधी प्रकरण काय ते पाहू. ५ जून २००३ च्या रात्री नाशिक जिल्ह्यात एका शेतातल्या झोपडीवर दरोडा पडला. एकाच कुटुंबातील पाच माणसे मारली गेली, बलात्कार झाले. घरातली आई आणि एक मुलगा जखमी अवस्थेत वाचले. सारा जिल्हा हादरला, आणि हादरावे असेच ते कृत्य होते. पुढे पोलिसांनी सहा जणांना आरोपी केले. सहाही भटक्या जमातीतले, मोलमजुरी करून पोट भरणारे. जून २००६ मध्ये सत्र न्यायालयाने सहाही जणांना फाशी सुनावली. मार्च २००७ मध्ये उच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम केली आणि तिघांना जन्मठेप दिली. ३० एप्रिल २००९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्या तिघांनाही पुन्हा फाशीच्या रांगेत आणून उभे केले. म्हणजे तीन पायऱ्यांच्या न्यायव्यवस्थेत माणूस जसजसा वर गेला, तसतसा तो दोराच्या अधिक जवळ गेला.

२०१४ मध्ये घटनापीठाने ठरविले की, फाशीच्या प्रकरणातील पुनर्विलोकन अर्ज खुल्या न्यायालयात ऐकले जावेत. त्या दारातून हे प्रकरण पुन्हा आत आले. २०१८ मध्ये जुना निकाल मागे घेण्यात आला, अपिले नव्याने ऐकली गेली आणि मग कागदांतून एक गोष्ट वर आली. घटनेनंतर दोनच दिवसांनी त्या जखमी आईला पोलिसांच्या दप्तरातील गुन्हेगारांची छायाचित्रे दाखविण्यात आली होती आणि तिने चार जणांना ओळखले होते. ते चौघे या सहा जणांपैकी नव्हते. त्या चौघांचा तपास झाला नाही, त्यांच्यावर आरोपपत्र आले नाही. पुढे ओळख परेड झाली आणि न्यायालयात या आरोपींकडे बोट दाखविले गेले. पहिली ओळख कागदातच राहिली.

तीन न्यायाधीशांच्या पीठाने सहाही जणांची निर्दोष मुक्तता केली, प्रत्येकाला पाच लाख रुपये देण्याचा आदेश राज्य सरकारला दिला आणि जबाबदार पोलीस अधिकाऱ्यांवर कारवाई करण्यास सांगितले. आरोपी भटक्या जमातीतले व अत्यंत गरीब मजूर आहेत, तेव्हा त्यांना खोटे गोवले गेले असण्याची शक्यता नाकारता येत नाही, असेही न्यायालयाने नोंदविले. सहांपैकी एक जण गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता, हेही फाशी सुनावल्यानंतर कित्येक वर्षांनी निष्पन्न झाले होते. वय ही काही गूढ गोष्ट नव्हे. ते शोधावे असे आधी कुणाला वाटले नाही, एवढेच.

इथे एक गोष्ट विसरता कामा नये. त्या आईलाही न्याय मिळाला नाही. तिने ज्या चार चेहऱ्यांवर बोट ठेवले, त्यांचा शोध पोलिसांनी घेतलाच नाही. निर्दोषाला शिक्षा होते तेव्हा खऱ्या गुन्हेगाराची सुटका त्याच कागदावर लिहिली जाते. म्हणून अशा प्रकरणांत आरोपीची बाजू घेणे म्हणजे पीडितांच्या विरोधात जाणे, हा आक्षेप फसवा आहे.

आता विद्यार्थ्याच्या प्रश्नाकडे येतो. सोळा वर्षे दिसले नाही, कारण पाहणाऱ्याची नजर आधीच ठरलेली होती. ती नजर कुठून आली, हे समजून घ्यायला नळदुर्गच्या माणसाला फार लांब जावे लागत नाही.

१८५३ मध्ये निजामाने नळदुर्गचा मुलूख कंपनी सरकारच्या कारभाराखाली दिला. इथे पहिला इंग्रज अधिकारी म्हणून आला तो मेडोज टेलर. रयतेविषयी आस्था असलेला अधिकारी म्हणून त्याचा लौकिक आहे आणि तो मी नाकारत नाही. पण याच टेलरने १८३९ मध्ये 'कन्फेशन्स ऑफ अ ठग' ही कादंबरी लिहिली होती. पिढ्यान्‌पिढ्या खून हाच धर्म मानणाऱ्या ठगाचे चित्र तिने विलायतेत घरोघर पोहोचविले. त्या चित्रामागे १८३६ चा ठगीविरोधी कायदा उभा होता. एखादा इसम केव्हाही ठगांच्या टोळीत होता एवढे सिद्ध झाले की त्याला जन्मभराची सक्तमजुरी, असा तो कायदा. त्याने कोणता खून केला, कधी केला, कुणाचा केला, हे सिद्ध करण्याची गरज उरली नाही. आणि 'टोळीत होता' हे सांगणार कोण? बहुधा माफीचा साक्षीदार, ज्याचा स्वतःचा जीव त्या साक्षीवर टांगलेला. लुटारूंच्या टोळ्या त्या काळी नव्हत्या असे मी म्हणत नाही. मुद्दा असा की 'काय केले' या प्रश्नाच्या जागी 'कोण आहेस' हा प्रश्न इथे कायद्याने आणून बसविला.

वर्णव्यवस्थेला हा प्रश्न नवा नव्हता. जन्मावरून विद्या, जन्मावरून घाण, तशीच जन्मावरून चोरी. इंग्रजांनी त्या समजुतीला राजपत्राचा शिक्का दिला. १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याने सबंध जमाती गुन्हेगार म्हणून जाहीर करण्याची सोय केली आणि त्या जाहीरनाम्याला न्यायालयात आव्हान देण्याची वाटही बंद केली. १९११ च्या दुरुस्तीनंतर तो मुंबई इलाख्यातही आला. इथून सुमारे ५० किलोमीटरवर, सोलापूरला, तारेच्या कुंपणाची मोठी वसाहत उभी राहिली. हजेरी, पास, पुन्हा हजेरी. आईबापांच्या हजेरीच्या वहीत मुलांची नावे जन्माने चढत.

डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४८ च्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथाच्या प्रस्तावनेत अस्पृश्य, आदिवासी आणि गुन्हेगार ठरविलेल्या जमाती यांचा उल्लेख एकत्र केला, तो उगाच नव्हे. ही तिन्ही माणसे एकाच रचनेने बाहेर ठेवलेली होती. ३१ ऑगस्ट १९५२ रोजी गुन्हेगार जमाती कायदा गेला. पण १९५९ मध्ये मुंबई राज्यात सराईत गुन्हेगारांविषयीचा कायदा आला, आणि ठाण्याच्या दप्तरात जी जात आधीच शाईने लिहिलेली होती, तीच नव्या रकान्यांत उतरू लागली. तुरुंगाच्या नियमावल्यांत जातीवर आधारलेली कामे आणि विमुक्त जमातींकडे बोट दाखविणाऱ्या व्याख्या २०२४ पर्यंत होत्या. ३ ऑक्टोबर २०२४ च्या सुकन्या शांता प्रकरणातील निकालाने सर्वोच्च न्यायालयाने त्या घटनाबाह्य ठरविल्या. कायदा जाऊनही ७२ वर्षे त्याची सावली तुरुंगाच्या नियमांत टिकली. मी तिला संशयाची वहिवाट म्हणतो. शेतातून एखादी वाट पिढ्यान्‌पिढ्या वापरात राहिली की तिचा हक्क होतो, तसेच हे.

ही वहिवाट शिक्षेपर्यंत कशी पोहोचते, त्याच्या पायऱ्या कार्यकर्त्याने पाठ केल्या पाहिजेत. गुन्हा घडतो. गुन्हेगार माहीत नसतो. वरून दबाव येतो. मग गाडी गावाबाहेरच्या पालांकडे वळते. उचललेल्या माणसाची अटक प्रत्यक्षात ज्या दिवशी झाली, त्या दिवशी कागदावर येत नाही. पोलिसांपुढचा कबुलीजबाब पुराव्यात चालत नाही. पण त्याच्या निवेदनावरून एखादी वस्तू सापडली, तर तेवढा भाग चालतो. म्हणून कोयता सापडतो, पैंजण सापडते, आणि पंचनाम्यावर तेच ते पंच सही करतात. ओळख परेडीआधी चेहरा दाखविला गेला का, हे विचारायला आरोपीजवळ वकील नसतो. जामीन मिळाला तरी जामीनदार नसतो, कारण सातबारा नसतो. तुरुंगात बसलेला माणूस आपले साक्षीदार गोळा करू शकत नाही. खटला उभा राहतो तेव्हा एका बाजूला राज्य असते आणि दुसऱ्या बाजूला, नेमून दिलेल्या वकिलाशी धड बोलणेही न झालेला माणूस.

हे मी पुस्तकातून सांगत नाही. फार वर्षांपूर्वी, मी दुसऱ्या एका तालुक्यात असताना, पालावरच्या माझ्या एका विद्यार्थ्याला चोरीच्या संशयावरून उचलले होते. त्याची आई शाळेच्या दारात येऊन म्हणाली, "गुरुजी, पोरगं त्या दिशी साळंतच होतं की वो. तुमच्या वहीत बघा." मी हजेरीपट काढला. त्या दिवसापुढे 'हजर' होते. तो हजेरीपट काखेत घेऊन मी ठाण्यात चार तास बसलो. तो उघडून पाहायला कुणी मागितला नाही. दोन दिवसांनी खरा चोर दुसरीकडे सापडला म्हणून पोर सुटले, माझ्या हजेरीपटामुळे नव्हे. ते पुन्हा शाळेत आले नाही. खरा चोर सापडला नसता तर? या प्रश्नाचे उत्तर त्या सहा जणांनी सोळा वर्षे भोगले.

आकडेही हेच सांगतात. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या २०२२ च्या अहवालाप्रमाणे देशातील तुरुंगांत दर चार कैद्यांपैकी तीन कच्चे कैदी होते, म्हणजे ज्यांचा गुन्हा अजून सिद्ध व्हायचा होता असे. दिल्लीच्या राष्ट्रीय विधी विद्यापीठाने २०१६ मध्ये फाशीच्या कैद्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला; त्यात सुमारे ७६ टक्के कैदी मागासवर्गीय वा धार्मिक अल्पसंख्य आणि जवळजवळ तितकेच आर्थिकदृष्ट्या दुर्बल होते.

हे केवळ आपल्याच देशात घडते असे नाही. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथरने ज्यांच्यापासून नाव घेतले, त्या कृष्णवर्णीयांच्या इतिहासात स्कॉट्सबरोचे प्रकरण आहे. १९३१ मध्ये अमेरिकेच्या अलाबामा राज्यात नऊ कृष्णवर्णीय पोरांवर बलात्काराचा खोटा आरोप आला आणि काही दिवसांतच आठ जणांना मृत्युदंड झाला. त्यांच्यासाठी चळवळ उभी राहिली, आणि १९३२ मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की मृत्युदंडाच्या खटल्यात आरोपीला खरा वकील मिळालाच पाहिजे. तिथेही जे उघडकीस आले ते बाहेरच्या माणसांनी कागद वाचले म्हणून.

भरपाईविषयी दोन शब्द. सोळा वर्षांचे पाच लाख म्हणजे दिवसाला सुमारे ८५ रुपये. निकालाच्या वर्षी महाराष्ट्रात रोजगार हमीची मजुरी दोनशेहून अधिक होती. आणि हेही न्यायालयाच्या मर्जीने मिळाले, हक्काने नव्हे. विधी आयोगाने ऑगस्ट २०१८ च्या २७७ व्या अहवालात चुकीच्या खटल्यांत भरपाईसाठी कायदा करावा अशी शिफारस केली. तसा कायदा झालेला नाही.

मग आपण काय करायचे? निकाल लागल्यावरचे मोर्चे उशिराचे असतात. खटला पहिल्या चोवीस तासांत घडतो. अटक झाली की नातेवाइकाला कळविले पाहिजे, अटकेचा कागद झाला पाहिजे, चोवीस तासांत न्यायदंडाधिकाऱ्यापुढे उभे केले पाहिजे, चौकशीत वकिलाला भेटू दिले पाहिजे, वैद्यकीय तपासणी झाली पाहिजे. हे उपकार नव्हेत, कायदा आहे. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने अनुसूचित जाती-जमातींच्या माणसाला आणि कोठडीतल्या कुणालाही, उत्पन्न न विचारता, मोफत वकील मिळतो. पालावर हे किती जणांना ठाऊक आहे? कार्यकर्त्याने त्याच रात्री तारीख आणि वेळ लिहून ठेवावी, अर्ज द्यावा, पोच घ्यावी. विधी शाखेच्या विद्यार्थ्यांनी सुट्टीत तालुका न्यायालयात बसून आरोपपत्रे वाचावीत. न जोडलेला कागद कोणता, हे शोधावे. आणि शिक्षकांनी आपली दप्तरे जपावीत. जन्मतारखेची एक नोंद, हजेरीची एक खूण पुढे कधी कुणाचा जीव वाचवील, सांगता येत नाही.

माझ्या त्या विद्यार्थ्याला मी एवढेच सांगितले : दिसले नाही असे नाही, कागद तिथेच होता. तो वाचणारा आपला माणूस तिथे नव्हता. तू तो हो.