कोंडाण्याचे चैत्यगृह आणि मंत्रध्वनीचा विचार

अद्भुतरम्य कादंबरी हा विषय घेऊन येणारे विद्यार्थी अलीकडे वाढले आहेत. अशा कादंबऱ्यांत मंत्रविद्या शिकवणारे एखादे भव्य दालन बहुधा असतेच. अर्सुला ल ग्विन यांच्या 'अ विझर्ड ऑफ अर्थसी' (1968) या कादंबरीत वस्तूंची खरी नावे शिकवणारा गुरू एका एकाकी मनोऱ्यात राहतो. या दालनांविषयी लिहिताना आपल्याकडील अभ्यासक 'मंत्र' हा शब्द 'अर्थावाचून परिणाम करणारा नाद' अशा अर्थाने सर्रास वापरतात. हा अर्थ आपल्या परंपरेला कितपत मानवतो, हे तपासण्यासाठी प्रस्तुत लेखात कर्जत-खालापूर परिसरातील दोन स्थळांचा आधार घेतला आहे.

पहिले स्थळ कोंडाणे. कर्जत तालुक्यात, राजमाचीच्या पायथ्याशी, उल्हास नदीच्या खोऱ्यात ही बौद्ध लेणी आहेत. येथील चैत्यगृह साधारणतः इसवी सनापूर्वीच्या पहिल्या शतकातले मानले जाते. ते सुमारे 66 फूट लांब, 26 फूट रुंद आणि कमानीच्या माथ्यापर्यंत 28 फूट उंच आहे. मागील टोक अर्धवर्तुळाकार असून तेथे स्तूप आहे. हे दालन वंदनेचे आणि प्रदक्षिणेचे. ध्वनिविद्येची शाळा म्हणून ते कोणी कोरले नव्हते. परंतु कठीण दगड आवाज शोषत नाही, परतवतो. आत उच्चारलेला शब्द रेंगाळतो, आणि सहलीला आलेले विद्यार्थी टाळी वाजवून 'जादू' अनुभवतात. मीही वाजवली आहे.

मात्र या टाळीवरून फार निष्कर्ष काढू नयेत. दर्शनी बाजूचा लाकडी भाग आज नाही, कमानीखालच्या फासळ्यांचेही बरेचसे लाकूड गेले आहे, खांब तुटले आहेत. कार्ले व भाजे येथे अशा फासळ्या अजून दिसतात. लाकूड आणि जमलेली माणसे आवाज शोषतात, तर समोरची मोकळी बाजू तो बाहेर जाऊ देते. तेव्हा आपण ऐकतो तो नाद भिक्षूंनी ऐकलेला नव्हे. शिवाय भिक्षू एका जागी राहत ते वर्षावासात, आणि पावसाळ्यात लेण्यांसमोर धबधबा कोसळत असतो. म्हणजे दालनात वस्ती सर्वांत अधिक असे त्याच काळात बाहेरचा कल्लोळही सर्वांत मोठा असणार.

या दालनातील पठणाचा विचार करताना विनयपिटकातील चुल्लवग्ग पाहावयास हवा. त्यात गाण्याच्या लांबवलेल्या स्वरात धम्म म्हणण्यास बुद्धांनी मनाई केली आहे. म्हणणारा स्वतःच्या स्वरात गुंततो, ऐकणाराही त्यातच गुंततो, असे पाच दोष तेथे सांगितले आहेत. सरभञ्ञ, म्हणजे सस्वर पठण, मात्र मान्य आहे. गंमत अशी की जे लांबवणे विनयाने कंठाला नाकारले, ते दगड आपणहून करतो! शब्द पुसट होऊ नयेत यासाठी अशा दालनात सावकाश, थांबत थांबत म्हणण्यावाचून गत्यंतर नसणार, असा माझा तर्क आहे. त्याच चुल्लवग्गात एक भिक्षू सर्पदंशाने मेल्यावर बुद्धांनी आत्मरक्षणासाठी एक पाठ म्हणण्याची अनुज्ञा दिल्याची कथा येते. हा तर उघडच रक्षामंत्र. पण त्याचे सामर्थ्य सुरावर सोपवलेले नाही. नागकुळांविषयी मैत्री व्यक्त करणे हाच त्याचा आशय आहे. अर्थ वजा केला तर त्या पाठात काय उरते?

दुसरे स्थळ खालापूर तालुक्यातील महड (चवदार तळ्याचे महाड वेगळे). अष्टविनायकांपैकी वरदविनायकाच्या या क्षेत्राशी परंपरा गृत्समद ऋषीचे नाव जोडते. गृत्समद हा ऋग्वेदाच्या दुसऱ्या मंडलाचा द्रष्टा. आज गणपतीच्या पूजेत म्हटली जाणारी प्रसिद्ध ऋचा त्याच मंडलातली आहे, परंतु मुळात ती ब्रह्मणस्पतीला, म्हणजे मंत्ररूप वाणीच्या स्वामीला, उद्देशून आहे. पुढे ज्ञानेश्वरांनी ज्ञानेश्वरीच्या (1290) आरंभी ओंकाराचे तीन वर्ण गणेशाचे चरण, उदर आणि मस्तक म्हणून कल्पिले. तेथे वाणी आणि गणेश यांचे हे जुने नाते मराठीत उतरलेले दिसते.

वैदिक बाजूचा आग्रह उच्चाराच्या अचूकतेवर आहे. 'इंद्रशत्रु' या शब्दाची कथा पतंजलीच्या महाभाष्यात सूचित आहे. इंद्राला मारणारा पुत्र हवा म्हणून यज्ञात हा शब्द योजला; पण अंत्य अक्षराऐवजी आद्य अक्षर उदात्त झाल्याने 'इंद्र ज्याचा मारणारा आहे तो' असा अर्थ झाला आणि वृत्रच मारला गेला. मंत्राने घात केला तो समासाचा अर्थ पालटल्यामुळे. निव्वळ नादाच्या गूढतेचे उदाहरण म्हणून ही कथा सांगितली जाते, ते मला पटत नाही. ती व्याकरणाची कथा आहे.

बौद्ध आणि वैदिक पठणांत मतभेद मोठे. सुराविषयीचा संयम एकीकडे, स्वराविषयीची काटेकोर निष्ठा दुसरीकडे. पण दोन्हीकडे ध्वनी गुरूच्या मुखातून शिष्याच्या कानात उतरतो. कोंडाण्याच्या दर्शनी भागात एका भग्न शिल्पाजवळ लहानसा ब्राह्मी लेख आहे. कण्हाच्या अंतेवासी बलकाने हे केले, एवढाच त्याचा आशय. बलक कलेतला शिष्य की धर्मातला, हे त्या अक्षरांवरून ठरत नाही. त्याने स्वतःच्या नावाआधी गुरूचे नाव कोरले आहे.